घरातली तीन पंचांगं

(आकाशवाणीवरील भाषणाचं संपादित रूप)

मराठी मुसलमानाच्या घरी तुम्ही कधी गेलात, तर स्वयंपाकघराच्या दाराशेजारची भिंत बघा. तिथं खिळ्याला एक कॅलेंडर टांगलेलं असतं आणि बहुतेक वेळा ते मराठी असतं. आमच्याकडे ‘कालनिर्णय’ असतं. जयंतराव साळगावकरांनी १९७३ साली ते सुरू केलं आणि पुढच्या काही वर्षांतच आमच्या गल्लीतल्या सगळ्या भिंतींवर ते जाऊन बसलं. त्याच्या एकेका चौकोनात किती गर्दी असते! वर मोठा इंग्रजी आकडा, खाली तिथी, नक्षत्र, मग कुठं ‘चंद्रदर्शन’, कुठं ‘मुस्लिम रजब मासारंभ’. उरलेल्या जागेत आमची अम्मा दुधाचे खाडे आणि सिलिंडर लावल्याची तारीख लिहायची.

त्या एका चौकोनात तीन वेगवेगळी वर्षं दाटीवाटीनं राहतात, हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं. एक चांदाचं वर्ष, एक सूर्याचं आणि एक शाळा-कचेरीचं. आमच्यासारख्या घराचं रोजचं जगणं या तिन्हींवर चालतं. कुठलं काम कुठल्या वर्षाला विचारून करायचं, हे कुणी शिकवत नाही. ते घरात वाढता वाढता कळतं. आज मला बोलायचं आहे ते याच हिशेबाबद्दल. कारण गेल्या काही वर्षांत सण एकमेकांवर आले की लोकांच्या कपाळावर आठ्या पडतात, पोलीस ठाण्यात बैठका बसतात. आता काय होणार, असं लोक विचारू लागतात. मला तेव्हा आमच्या दादीची आठवण येते. तिला लिहिता-वाचता येत नव्हतं, पण कुठला महिना कुणाबरोबर चालला आहे, हे ती बोटांवर सांगायची.

दादीचे महिने किताबातले नव्हते. सफर, रबीउल अव्वल, जमादिउल अव्वल ही नावं मौलवींच्या तोंडी. दादीचा मोहरम संपला की ‘तेरातेजी’ लागायची. त्या महिन्याचे पहिले तेरा दिवस जड समजतात, म्हणून ते नाव. त्यानंतर ‘बारावफात’, मग ‘ग्यारवी’, मग ‘मदार’. शाबानला ती शबेबरातच म्हणायची. दोन ईदांच्या मधला जिल्काद तिच्यासाठी ‘बंदेनवाज’, कारण गुलबर्ग्याच्या ख्वाजा बंदेनवाजांचा उरूस त्यात येतो. काही घरांत त्यालाच ‘खाली’चा महिना म्हणतात आणि त्यात लग्न धरत नाहीत. म्हणजे महिन्याची नावंच सणांची आणि पिरांची. दख्खनमधल्या जुन्या बायकांचं कॅलेंडर ते हेच. आता ही नावं ऐकायला मिळत नाहीत. माझ्या मुलीला तेरातेजी म्हणजे काय ते ठाऊक नाही, आणि तिला दोष द्यावा असंही त्यात काही नाही. तिच्या मोबाईलमध्ये तो महिना ‘सफर’च आहे.

हे महिने चालतात कसे? आकाशात चांद दिसला की महिना सुरू, पुन्हा दिसला की संपला. मध्ये एकोणतीस दिवस जातात किंवा तीस. एकोणतिसाव्या संध्याकाळी चांद दिसला नाही, तर तीस पुरे करायचे, हा नियम. अमावास्येनंतर पहिल्याच संध्याकाळी तो बहुधा दिसत नाही. कोर फार बारीक असते आणि सूर्यापाठोपाठ मावळून जाते. प्रतिपदा सरून बीज लागलेली असली, म्हणजे मग तो नजरेला पडतो. दादी अंगणात उभी राहून म्हणायची, “आज बीज है, चाँद दिसताच दिसता.” शेजारच्या काकूंकडून ती सकाळी तिथी विचारून घ्यायची. तिचा ठोकताळा सोपा होता: चांदाच्या तारखेत एक मिळवला की तिथी, क्वचित दोन. बकरीद चांदाच्या दहा तारखेला, म्हणजे शुद्ध एकादशीच्या आसपास. मोहरमचा दहावा दिवसही तसाच. मिलाद बारा तारखेला, म्हणजे त्रयोदशी-चतुर्दशी. शबेबरात पुनवेच्या अलीकडं-पलीकडं. तुम्ही कुठल्याही वर्षाचं कॅलेंडर काढून ताडून बघा.

इथं महाराष्ट्रानं एक सोय करून ठेवली आहे. आपला महिना अमावास्येनंतर सुरू होतो, आधी शुद्ध पक्ष आणि मग वद्य. उत्तरेत तो पुनवेनंतर सुरू होतो, आधी वद्य. त्यामुळं हिजरी महिना आणि मराठी महिना आपल्याकडं जवळजवळ एकाच संध्याकाळी जन्माला येतात आणि महिनाभर बरोबर चालतात. जुळी भावंडंच म्हणा ना.

फरक पडतो तो वर्षाच्या बेरजेत. चांदाचे बारा महिने म्हणजे ३५४ दिवस. सूर्याचं वर्ष त्याहून सुमारे अकरा दिवसांनी मोठं. शालिवाहन शकाच्या पंचांगात हे अकरा-अकरा दिवस साठत जातात आणि सुमारे साडेबत्तीस महिन्यांनी एक अधिक महिना घालून हिशेब चुकता करतात. १९ वर्षांत असे सात अधिक महिने येतात. म्हणून दिवाळी कधी मे महिन्यात येत नाही. हिजरी वर्षात अधिक महिना नाही. इस्लामपूर्व अरबस्तानात महिना वाढवायची, पुढं ढकलायची चाल होती, तिला ‘नसी’ म्हणत. कुराणानं ती बंद केली. त्यामुळं आमचे सण दर वर्षी अकरा दिवस अलीकडं सरकतात आणि सुमारे ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून येतात.

आता या दोन गोष्टी एकत्र करा. अधिक महिना येत नाही तोवर मराठी महिना आणि हिजरी महिना यांची जोडी पक्की असते. दोघेही दर वर्षी अकरा दिवस मागं येतात. अधिक महिना आला की हिंदू महिना एक पाऊल थांबतो, हिजरी पुढं निघून जातो आणि जोडीदार बदलतो. म्हणजे एकदा गाठ पडली की ती दोन किंवा तीन वर्षं टिकते, मग सुटते.

उदाहरणं बघा. २०१५, १६ आणि १७ या तिन्ही वर्षी भाद्रपदाबरोबर जिल्हज होता, म्हणून गणपतीत बकरीद आली. २०१८ च्या अधिक ज्येष्ठानं ही जोडी सुटली आणि भाद्रपदाच्या शेजारी मोहरम येऊन बसला. २०१८, १९ आणि २० या वर्षी गणपती आणि ताबूत एकाच आठवड्यात आले. २०२० ला अधिक अश्विन. मग २०२१, २२ आणि २३ अशी तीन वर्षं आषाढी आणि बकरीद यांची गाठ होती. २०२१ ला एका दिवसाचं अंतर, आणि २०२२ च्या १० जुलैला व २०२३ च्या २९ जूनला तर दोन्ही एकाच दिवशी. २०२३ च्या अधिक श्रावणानं ती गाठ सोडवली आणि भाद्रपदाशी बारावफात जोडून दिली. म्हणून २०२३ ला २८ सप्टेंबरला अनंत चतुर्दशी आणि मिलाद एकाच दिवशी, २०२४ आणि २०२५ ला एका दिवसाच्या अंतरानं. ही जोडी २०२६ च्या अधिक ज्येष्ठात सुटते.

हे सगळं आकाशातलं गणित आहे. त्यात कुणाचा कुणावर कुरघोडीचा डाव नाही. आणि गणित कळलं की वाटही दिसते. कुर्बानीला शरियतीनं तीन दिवस दिले आहेत: दहा, अकरा आणि बारा. म्हणूनच आषाढीच्या दिवशी पंढरपुरात आणि इतर कितीतरी गावांत मुसलमानांनी कुर्बानी पुढच्या दिवशी करायचं ठरवलं. मिलादच्या मिरवणुकीला तर दिवसाचं बंधनच नाही. २०२३ ला मुंबईतली मिरवणूक विसर्जनासाठी २९ सप्टेंबरला नेली गेली आणि सरकारनंही सुट्टी त्या दिवशी दिली. आमच्या सांगली जिल्ह्यात, वाळवा तालुक्यातल्या गोटखिंडीत गणपती मशिदीत बसवतात. तिथल्या लोकांना मोहरम आणि गणपती एकत्र आल्याचं कुणी समजावून सांगायला जावं लागलं नाही. कडेगावचे उंच ताबूत उचलायला कोण कोण खांदा देतं, तेही एकदा जाऊन बघण्यासारखं आहे.

चांदाच्या वर्षाचा एक गुण मला कविता लिहिणारा म्हणून फार आवडतो. माणसाच्या आयुष्यात ते सगळे ऋतू आणतं. मी जन्मलो त्या १९७० साली रमजान दिवाळीला लागून सुरू झाला होता. माझा पहिला रोजा पडला आषाढात. दहा वर्षांचा असेन. दिवस मोठा, पण ढगाळ. तहान लागली नाही, भुकेनं मात्र जीव काढला. त्या वर्षांतली मोठी पंचाईत चांदाची. पावसाळ्यात चांद दिसणार कसा? सगळी गल्ली रात्री आमच्या ओसरीवरच्या रेडिओभोवती जमायची. कुठल्याशा शहरात चांद दिसल्याची बातमी आली की बायका लगबगीनं शेवया भाजायला उठायच्या. नाही आली, तर दुसऱ्या दिवशी तिसावा रोजा. पुढं कॉलेजात असताना रमजान उन्हाळ्यात आला. बीएच्या परीक्षेचे दिवस आणि ओठ कोरडे. आमच्या भागात डिसेंबरातला रोजा सुमारे साडेबारा तासांचा आणि जूनमधला साडेचौदा तासांचा. पण खरा फरक या दोन तासांचा नसून उन्हाचा असतो.

२००४, ०५ आणि ०६ या तीन वर्षी दिवाळी आणि रमजान ईद चार-पाच दिवसांच्या आत आल्या. म्हणजे माझी फेरी पुरी झाली होती. त्या वर्षी आमच्या घरात करंज्यांचं सारण आणि शीरखुर्म्याचा सुका मेवा एकाच पिशवीतून आला. काकूंच्या शंकरपाळ्यांचा डबा आमच्या सहेरीला उपयोगी पडला. पहाटे साडेचारला उठून कोण काय शिजवणार?

पण शेतकऱ्याचं पोट चांदावर चालत नाही. अब्बांची चार एकर जिरायत होती. पेरणीच्या बाबतीत ते पक्के सूर्याचे. मृग सात-आठ जूनला निघतो, मग आर्द्रा, मग तरणा पाऊस म्हणजे पुनर्वसू, म्हातारा म्हणजे पुष्य, पुढं आसळका, मघा आणि शेवटी हत्ती. सूर्य एकेका नक्षत्रात साडेतेरा दिवस असतो, म्हणून या तारखा वर्षानुवर्षं हलत नाहीत. यंदा मृगाचं वाहन कोणतं, बेडूक की गाढव, हे अब्बा पंचांगवाल्या गुरवाला विचारून यायचे आणि नमाजच्या वेळेला नमाजही पढायचे. त्या दोन गोष्टींत त्यांना कधी भांडण दिसलं नाही. जोंधळ्याला कुठं ठाऊक असतो पेरणाऱ्याचा धर्म!

आणि यातली गंमत सांगतो. मृगाची आणि हिजरीची ही सोयरीक अब्बांच्या घरात सुरू झालेली नाही. मराठेशाहीचे जुने कागद ज्यांनी पाहिले असतील त्यांना सुहूर सन माहीत असेल. हा सन चौदाव्या शतकात सुरू झाला. हिजरी ७४५ म्हणजे इसवी १३४४ या वर्षी हिजरी आकडा उचलला आणि पुढं तो सूर्याच्या वर्षाप्रमाणं मोजायचा, असं ठरलं. कारण उघड आहे. सारा पिकावर वसूल करायचा. चांदाच्या वर्षानं गेलं तर तेहतीस वर्षांत चौतीस वेळा सारा मागावा लागेल आणि पिकं तर तेहतीसच. या सनाचं वर्ष सूर्य मृगात शिरला की सुरू होई, म्हणून त्याला ‘मृगसाल’ही म्हणत. आकडे लिहायचे अरबी शब्दांत, मराठी उच्चारांत. पानिपतचं वर्ष, म्हणजे सुहूर ११६१, मोडी कागदात ‘इहिदे सितैन मया व अलफ’ असं येतं: एक, साठ, शंभर आणि हजार. त्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन निघतो. पेशव्यांच्या दप्तरात कारकून हे रोज लिहीत होते. मोगलांनी दक्षिणेत आणलेला फसली सनही याच जातीचा. शहाजहानच्या काळात, १६३६ पासून, तोही महसुलासाठीच. अरबी आकडा, मृगाचा पाऊस आणि मोडी लिपी ही तिन्ही एकाच ओळीत नांदत होती. अब्बांना यातलं काही माहीत नव्हतं, पण त्यांचं वागणं त्याच परंपरेतलं होतं.

तिसरं वर्ष शाळा-कचेरीचं. ते आमच्या घरात आलं ते हेडमास्तरांच्या हातून. अम्माला माझा जन्म ठाऊक होता ‘दिवाळीच्या पुढं, रमजानच्या आत’ असा. धाकट्या भावाचा ‘बहात्तरच्या दुष्काळात’. शाळेत मात्र आम्हा दोघांच्याही नावापुढं एक जून पडला. आमच्या पिढीतल्या अर्ध्या महाराष्ट्राचा वाढदिवस एक जूनला असतो, त्यात जातधर्म नाही. निदान मृगाच्या तोंडावरची तारीख आहे, म्हणून मी ती गोड मानून घेतली.

माझ्या मामूंचं बाजारपेठेत किराणा दुकान होतं. तिथं तिन्ही वर्षं शेजारी शेजारी बसलेली मी पाहिली. नवीन खातेवही दिवाळीच्या पाडव्याला उघडायची, कारण सारी पेठ त्याच दिवशी उघडायची आणि उधारीचे हिशेब त्याच मुहूर्तावर मिटायचे. जकात काढायची रमजानमध्ये, चांदाचं वर्ष भरलं की शिलकीवर शेकडा अडीच. आणि कराचे कागद ३१ मार्चला. मामू म्हणायचे, “सरकार तीनशे पासष्ट दिवसांनी मागतं, अल्ला तीनशे चोपन्न दिवसांनी. पण अल्ला नोटीस पाठवत नाही.”

घरातल्या सुखदुःखाचे हिशेबही असेच वाटून घेतलेले. सातव्या दिवशी अकीका, चाळीस दिवसांचा चिल्ला. विधवेची इद्दत चार महिने दहा दिवस, चांदाच्या महिन्यांनी. लग्नाची तारीख मात्र मुलांच्या परीक्षा आणि सुगी बघून; फक्त ती मोहरम आणि तेरातेजीत येऊ नये एवढीच दादीची अट. आणि दिवस कधी बदलतो, हाही प्रश्न असतोच. चांदाचा दिवस सूर्य मावळल्यावर सुरू होतो. गुरुवारची रात्र आमच्यासाठी जुम्म्याची रात्र. काकू संकष्टी सोडायला चंद्रोदयाची वाट बघायच्या, दादी रोजा सोडायला सूर्यास्ताची. दोघींची भूक एकाच अंगणात, पण घड्याळं दोन.

आता एक अलीकडची गोष्ट. अम्मा गेली २०२१ च्या फेब्रुवारीत. रजबची सहा तारीख होती, अजमेरच्या ख्वाजांच्या छट्टीचा दिवस. त्याच आठवड्यात, माघ शुद्ध दशमीला, शेजारच्या काकूही गेल्या. पन्नास वर्षांच्या शेजारणी. पुढच्या वर्षी अम्माची बरसी आणि काकूंचं वर्षश्राद्ध एकाच आठवड्यात आलं. दोन्ही घरांतून ताटं इकडून तिकडं गेली. २०२३ लाही तसंच. मग अधिक श्रावण आला. २०२४ च्या जानेवारीत अम्माची बरसी झाली तेव्हा काकूंच्या मुलानं विचारलं, “आमची कधी?” कॅलेंडर काढलं, तर त्यांची दशमी फेब्रुवारीत, पुरा एक महिना पुढं. तो जरा गप्प झाला. मीही. गणित दोघांनाही येत होतं.

आमच्या घरात त्यावरून वेगळाच वाद आहे. बहीण म्हणते, फातेहा रजबच्या सहालाच. भाऊ पुण्यात नोकरीला; तो म्हणतो, इंग्रजी तारीख धरा, रजा टाकायला बरं पडतं. पुतण्याचं म्हणणं, बरसी करण्याची मुळी गरजच नाही, रोज दुआ मागा. तिघांचंही मी ऐकून घेतो. २०२४ पासून मी एक केलं आहे: रजबच्या सहाला फातेहा देतो आणि माघ शुद्ध दशमीला काकूंच्या घरी जेवायला जातो. त्यांचा मुलगा आदल्या दिवशी फोन करतो.

कालनिर्णयात पुढची पानं नसतात, म्हणून मी हाती हिशेब केला. २०३० साली एका इंग्रजी वर्षात रमजान दोनदा सुरू होईल, जानेवारीत आणि डिसेंबरच्या शेवटी. १९९७ लाही असंच झालं होतं. आणि दिवाळी व रमजान ईद पुन्हा शेजारी येतील ती २०३७ च्या सुमारास. बायकोला सांगितलं. ती शेवया निवडत होती. म्हणाली, “तेव्हा करंज्या कोण करणार, ते आधी ठरवा.”